आधारगृहाचा हिशेब कुणी मागायचा?

बिहारच्या समाजकल्याण विभागानं आपल्या राज्यातल्या निवारागृहांचं सामाजिक लेखापरीक्षण करण्याचं काम मुंबईच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेच्या ‘कोशिश’ या गटाकडं सोपवलं होतं. मोहम्मद तारिक यांच्या नेतृत्वाखाली हा गट ३८ जिल्ह्यांत फिरला, ११० संस्था पाहिल्या आणि एप्रिल २०१८ मध्ये अहवाल सरकारच्या हाती दिला. त्यातल्या १७ संस्थांबद्दल गंभीर शेरे होते. मुजफ्फरपूरचं बालिकागृह त्यांपैकी एक. एक स्वयंसेवी संस्था सरकारी अनुदानावर ते चालवत होती. ३१ मे रोजी गुन्हा नोंदला गेला, मुलींची वैद्यकीय तपासणी झाली आणि ४२ पैकी ३४ जणींवर लैंगिक अत्याचार झाल्याचं समोर आलं. पुढं खटला दिल्लीच्या साकेत न्यायालयात गेला. फेब्रुवारी २०२० मध्ये संस्थाचालकाला मरेपर्यंत जन्मठेपेची शिक्षा झाली.

इतकं बहुतेकांना आठवत असेल. माझ्या मनात मात्र दोषी ठरलेल्या १९ जणांची यादी राहिली आहे. त्या यादीत बालकल्याण समितीचा अध्यक्ष राहिलेला माणूस होता, समितीचा एक सदस्य होता, जिल्ह्याचा बाल संरक्षण अधिकारी होता आणि त्याच विभागात सहायक संचालक राहिलेली एक बाईही होती. म्हणजे देखरेख करणारं कुणी नव्हतं असं नाही. माणसं नेमलेली होती, त्यांना पगार होता, भेटी देण्याचा अधिकार होता. ते त्या इमारतीत जात होते.

त्याच उन्हाळ्यानंतर, ऑगस्ट २०१८ मध्ये, उत्तर प्रदेशातल्या देवरियाचं महिला व बालिकागृह गाजलं. दहाएक वर्षांची एक मुलगी तिथून पळाली आणि पोलिसांपर्यंत पोचली. मग उघडकीला आलं की या संस्थेची मान्यता आदल्या वर्षीच रद्द झाली होती. मान्यता रद्द झाल्यावरही पोलीसच तिथं मुली आणून सोडत होते. एका खात्यानं दार बंद केलं म्हणून कागदावर लिहिलं, दुसरं खातं त्याच दारातून माणसं आत पाठवत राहिलं.

आता हे सगळं उकरून काढायचं कारण सांगते. आमच्या गावात एका मरहूम बाईंनी आपलं दुमजली घर बेसहारा बायकांसाठी देऊन ठेवलं आहे. मोहल्ल्यातल्या एका ट्रस्टनं ते चालवायला घ्यायचं ठरवलं. मी शाळेत शिकवते आणि थोडंफार लिहिते, म्हणून अर्ज, नियमावली वगैरे कागदपत्रांसाठी मला बोलावलं गेलं. पहिल्या दोन बैठका पैशांवरच गेल्या. जकातीचे पैसे इमारतीच्या दुरुस्तीला लावता येत नाहीत, ते हकदाराच्या हातात पडले पाहिजेत, म्हणून प्लंबिंगचा खर्च लिल्लाहच्या रकमेतून आणि बायकांचा राशन, औषधपाणी जकातीतून, अशी विभागणी मौलानांनी नीट समजावून सांगितली. इतक्या बारकाईनं हिशेब करणारी माणसं पाहून मला बरं वाटलं. तिसऱ्या बैठकीत मी नोंदणीचा विषय काढला. महिला व बालविकास विभागाकडं अर्ज करावा लागेल, अधिकारी पाहणीला येतील, वर्षातून केव्हाही येऊ शकतील. तेव्हा हाजीसाहेब म्हणाले, “अपने घर की बच्चियां हैं. सरकारकू अंदर कायकू लेने का?”

खोलीतल्या नऊपैकी सात माना हलल्या. नऊही माना पुरुषांच्या होत्या, हे जाता जाता सांगून ठेवते. त्यावर पुढं येईनच.

हाजीसाहेबांचा प्रश्न उडवून लावण्यासारखा नाही. मुसलमान माणूस सरकारी तपासणी म्हटलं की दचकतो, आणि त्याला कारणं आहेत. मदरशाचं सर्वेक्षण, वक्फच्या जमिनीची मोजणी, परदेशी निधीची चौकशी, प्रत्येक वेळी कागद मागणाऱ्याच्या नजरेत आधीच संशय असतो, असा आपला अनुभव आहे. उद्या इथं एखादी हिंदू बाई रात्री आसऱ्याला आली, तर दुसऱ्या दिवशी धर्मांतराचा बोभाटा होणार नाही कशावरून? ही भीती बैठकीत एका तरुण सभासदानं बोलून दाखवली आणि सगळे गप्प झाले.

ही भीती महाराष्ट्राला नवीन नाही, फक्त तेव्हा संशयाच्या जागी दुसरं कुणी होतं. पंडिता रमाबाईंनी मार्च १८८९ मध्ये मुंबईत शारदा सदन काढलं, पुढच्या वर्षी ते पुण्याला हलवलं. विधवांना आसरा आणि शिक्षण देणारी ही जागा. न्यायमूर्ती रानडे, रामकृष्ण भांडारकर यांच्यासारखी माणसं तिच्या सल्लागार मंडळात होती. समाजातल्या वजनदार लोकांची अशी देखरेख असणं म्हणजे तेव्हाच्या हिशेबानं मोठीच हमी. पण मुलींवर ख्रिस्ती धर्माचा प्रभाव पडतो आहे, या मुद्द्यावर १८९३ साली सल्लागारांनी राजीनामे दिले आणि कित्येक पालकांनी मुली काढून नेल्या. वाद रमाबाईंच्या धर्मावरून पेटला होता. सल्लागारांना शंका घ्यायचा अधिकार होताच. पण काढून नेलेल्या विधवा मुलींना परत त्याच घरात जायचं होतं का, हे त्या वादात कितीसं विचारलं गेलं असेल? बाईला आसरा देणाऱ्या घरावर नजर ठेवायला समाज नेहमीच तयार असतो, पण ती नजर बहुतेक वेळा बाईच्या धर्मावर, जातीवर आणि चारित्र्यावर असते. तिच्या ताटावर, अंथरुणावर, दाराच्या कडीवर फारच क्वचित.

सरकारची नजर काही वेगळी असते का? कायदे पाहायला गेलं तर आहेत बरेच. स्त्रिया आणि मुलांच्या संस्थांना परवाना लागेल, असा एक केंद्रीय कायदा १९५६ चा. अनाथालयं आणि इतर धर्मादाय गृहांवर देखरेख ठेवणारा दुसरा १९६० चा. मान्यतेच्या प्रमाणपत्राशिवाय असं गृह चालवता येणार नाही, असं तो सांगतो. दोन्हींची गंमत अशी, की राज्य सरकारनं अधिसूचना काढली तरच ते त्या राज्यात लागू होतात. देहव्यापारातून सोडवलेल्या महिलांच्या संरक्षणगृहांना १९५६ च्या पिटा कायद्याखाली वेगळा परवाना. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली राज्यानं अधिसूचित केलेली निवारागृहं वेगळी. केंद्राच्या पैशावर चालणारी स्वाधारगृहं वेगळी. २०२२ पासून स्वाधार आणि उज्ज्वला मिळून त्यांचं नाव ‘शक्ती सदन’ झालं आहे. ट्रस्ट म्हणून धर्मादाय आयुक्तांकडं ताळेबंद द्यायचा तो निराळाच, आणि घर वक्फ असेल तर वक्फ मंडळाकडं नोंद. आमच्या हाजीसाहेबांचा ट्रस्ट दरवर्षी न चुकता ऑडिट करून धर्मादाय आयुक्तांना पाठवतो. “आणखी काय दाखवायचं?” असं ते म्हणाले. पण धर्मादाय कार्यालय पैसा पाहतं. पावती फाडली का, खर्चाला व्हाउचर आहे का. रात्री दोन वाजता आतली बाई रडत असेल तर ते ताळेबंदात येत नाही.

आणि जी खाती बाईला पाहायला म्हणून जातात, त्यांची पाहणीसुद्धा मी एकदा पाहिली आहे. काही वर्षांपूर्वी शाळेतल्या एका मुलीच्या आईला भेटायला मी दुसऱ्या जिल्ह्यातल्या एका संस्थेत गेले होते. त्या दिवशी नेमकी तपासणी निघाली. तपासणी अचानक असते म्हणतात, पण अंगणात रांगोळी होती, पायऱ्या फिनाईलनं धुतलेल्या होत्या आणि आतल्या बायकांच्या अंगावर घडी मोडलेल्या एकसारख्या साड्या होत्या. साहेबांनी हजेरीपट पाहिला, आहाराचा तक्ता पाहिला, कोठीत जाऊन डाळीचा डबा उघडून पाहिला. मग प्रवेशित महिलांना रांगेत उभं करून, अधीक्षिका बाजूला उभी असताना, विचारलं, “काही त्रास आहे का?” सगळ्यांनी एका सुरात “नाही” म्हटलं. चहा झाला. गाडी गेली. मी जिला भेटायला गेले होते ती मला हळूच म्हणाली, “बाई, साड्या आता परत कपाटात जातील.”

त्या संस्थेत काही भयंकर घडत होतं, असं मला म्हणायचं नाही. कदाचित साड्यांपलीकडं काहीच नसेल. पण असतं, तर त्या तपासणीत ते कळलं असतं का? मुजफ्फरपूरला काय वेगळं झालं, याचं उत्तर इथं आहे. ‘कोशिश’च्या माणसांनी रजिस्टरपाशी न थांबता आत राहणाऱ्यांशी बोलणं केलं, आणि त्यांच्यावर विश्वास ठेवला. एवढंच. कुठलं यंत्र नव्हतं, कुठली गुप्त माहिती नव्हती. अनेक वर्षं जे सरकारी अधिकाऱ्यांना दिसलं नाही, किंवा दिसूनही लिहिलं गेलं नाही, ते बोलायला बसल्यावर बाहेर आलं. आणि हेही विसरू नये की ती पाहणी सरकारनंच करवून घेतली होती. बाहेरच्या माणसांकडून, पण सरकारच्या हुकमानं. तो हुकूम नसता तर ‘कोशिश’ला दारातूनच परत पाठवलं असतं.

मग सरकारनं स्वतःच अशी घरं चालवावीत, असं कुणी म्हणेल. तोही अनुभव गाठीशी आहे. १९८१ साली उपेंद्र बक्षी आणि लतिका सरकार या कायद्याच्या दोन प्राध्यापकांनी आग्र्याच्या सरकारी संरक्षणगृहातल्या स्त्रियांच्या हालांबद्दल सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं. न्यायालयानं ते पत्रच याचिका म्हणून दाखल करून घेतलं आणि जिल्हा न्यायाधीशांना तिथं जाऊन पाहायला लावलं. सरकारी घराची तपासणी सरकारी खात्यानं करून भागलं नाही, न्यायाधीशाला पायऱ्या चढाव्या लागल्या. आपल्याकडं २०१२ साली मानखुर्दच्या सरकारी महिला वसतिगृहातून बायका पळून गेल्या, तेव्हा उच्च न्यायालयाला लक्ष घालावं लागलं. ‘संरक्षण’ या शब्दाबद्दल मला तेव्हापासून शंका आहे. ज्या घरातून पळावं लागतं त्याला संरक्षणगृह का म्हणायचं? सर्वोच्च न्यायालयानं मे २०२२ मध्ये राज्यांना आदेश दिला, की पिटाखालच्या संरक्षणगृहांचं सर्वेक्षण करा आणि प्रौढ स्त्रिया तिथं मनाविरुद्ध ठेवलेल्या असतील तर ठरावीक मुदतीत त्यांच्या सुटकेची कार्यवाही करा. म्हणजे २०२२ पर्यंत हे सांगावं लागत होतं.

मुस्लिम वाचकांना मुरादाबादची गोष्ट आठवत असेल. डिसेंबर २०२० मध्ये, उत्तर प्रदेशात धर्मांतरबंदीचा अध्यादेश आल्यावर थोड्याच दिवसांत, मुसलमान मुलाशी लग्न केलेल्या एका हिंदू तरुणीला नारी निकेतनात ठेवलं गेलं. ती सज्ञान होती, मर्जीनं लग्न केलं असं सांगत होती. दंडाधिकाऱ्यांपुढं जबाब झाल्यावर ती सासरी गेली. दरम्यान आपला गर्भ गेला, असं तिनं बाहेर येऊन सांगितलं. त्या घराची कुणी तपासणी केली असती तर खाटा किती, पंखे किती, आहार कसा, सगळं नियमात निघालंही असतं. ती तिथं असणंच चुकीचं होतं, हा रकाना तपासणीच्या तक्त्यात नसतो.

हे सगळं मी बैठकीत सांगितलं तेव्हा हाजीसाहेब खूश झाले. “तुम्हीच तर सांगता आहात, सरकार नको म्हणून.” मला म्हणायचं होतं ते नेमकं उलटं. सरकार वाईट तपासणी करतं, म्हणून आपली संस्था तपासणीविना चालू दे, हा तर्क मला मान्य नाही. मुजफ्फरपूरचा संस्थाचालक काय म्हणत असेल? आपल्या घरच्या मुली आहेत, असंच.

मौलाना त्या वेळी मध्ये बोलले आणि त्यांनी विषय एकदम काहिऱ्याला नेला. मला ते माहीत नव्हतं, नंतर मी वाचून पाहिलं. तेराव्या शतकात, १२८५ च्या सुमारास, सुलतान बैबर्सच्या मुलीनं काहिऱ्यात झैनब बगदादिया या विदुषीसाठी एक रिबात बांधली. रिबात म्हणजे सूफी साधकांची राहण्याची जागा, पण ही फक्त बायकांसाठी होती. तलाक झालेल्या, नवऱ्यानं टाकलेल्या स्त्रिया तिथं दुसरं लग्न होईपर्यंत किंवा नवऱ्याकडं परतेपर्यंत राहत. इतिहासकार मकरीझीनं तिचं वर्णन केलं आहे. तिथली शिस्त कडक होती, हेही तो सांगतो, आणि नंतरच्या काळात ती बिघडत गेली, हेही. पण मौलानांचा रोख पुढच्या तपशिलावर होता. मकरीझीच्या काळात या रिबातीवर देखरेख होती ती हनफी काझी-उल-कुझातची, म्हणजे राज्याच्या मुख्य न्यायाधीशाची. वक्फ बायकांचं, आत राहणाऱ्या बायका, चालवणाऱ्या बायका, आणि हिशेब विचारणारा बाहेरचा काझी. “हे काही इंग्रजांनी आणलेलं नाही,” मौलाना म्हणाले. यतीमाच्या मालाला हात लावण्याबद्दल आपल्या दीनमध्ये किती कडक ताकीद आहे, हे काही कुणाला सांगायला नको. मग जिवंत माणसाच्या अमानतीबद्दल कमी ताकीद असेल का? आमचे मौलाना तिशीतले आहेत, कमी बोलतात, पण त्या दिवशी त्यांच्यामुळं सातपैकी चार माना आमच्याकडं आल्या.

मला स्वतःला मकरीझीपेक्षा एक जवळची गोष्ट पटते. २०१९ साली माझ्या ओळखीतली एक बाई मार खाऊन घरातून निघाली. सोबत चार वर्षांची मुलगी आणि नऊ वर्षांचा मुलगा. माहेरी भावजयीनं दोन दिवस ठेवलं. मग ‘सखी’ केंद्रात पाच दिवस. तिथं त्याहून जास्त ठेवत नाहीत, ते तात्पुरत्या आसऱ्यासाठीच आहे. पुढं स्वाधारगृहाची चौकशी केली, तेव्हा नियम समोर आला. आईसोबत मुलगी अठरापर्यंत राहू शकते, मुलगा आठपर्यंत. त्यापुढच्या मुलाला बालगृहात पाठवायचं. तिनं विचारलं, “एक साल के वास्ते?” आता नव्या शक्ती सदनच्या नियमांत मुलाचं वय बारापर्यंत वाढवलं आहे, ते चांगलंच झालं, पण तिला त्याचा उपयोग नव्हता. ती मुलाला घेऊन नवऱ्याकडं परत गेली. त्या वर्षी तिहेरी तलाकच्या कायद्याचा गाजावाजा चालू होता. तलाक देणाऱ्या नवऱ्याला तीन वर्षांपर्यंत तुरुंगवास. वर्तमानपत्रं मुस्लिम बहिणींच्या सुटकेनं भरली होती. नवरा तुरुंगात गेला तर बहीण कुठं राहणार, याची बातमी मला त्यात सापडली नाही. आणि त्याआधीच्या १९८६ च्या कायद्यातलं चौथं कलम, की तलाकशुदा बाईला सांभाळणारे नातेवाईक नसतील तर दंडाधिकारी वक्फ मंडळाला पोटगी द्यायला सांगू शकतात, त्याची आठवण आपल्या लोकांनाही नाही. वक्फच्या जमिनी वाचवायला आपण रस्त्यावर उतरतो, उतरायलाच हवं, पण त्या जमिनीच्या उत्पन्नावर या बाईचा कायद्यानं हक्क आहे, असं एखाद्या जलशात ऐकलंय कुणी?

या बाईसारख्या बायकांना मोहल्ल्यातलं घर हवं असतं. तिथं रोजा धरला तर सहरीला कुणी उठवेल, जेवणात काय आहे हे विचारावं लागणार नाही, नमाजला कोपरा असेल. सरकारी किंवा दुसऱ्यांच्या संस्थेत हे मिळत नाही असं नाही, काही ठिकाणी फार प्रेमानं करतात. पण ते अधीक्षिकेच्या मर्जीवर असतं. म्हणूनच आपल्या समाजानं अशी घरं चालवायला हवीत, याबद्दल माझं आणि हाजीसाहेबांचं एकमत आहे.

पण मोहल्ल्याचं घर म्हणजे मोहल्ल्याचे डोळे. नवरा पलीकडच्या गल्लीतला, ट्रस्टी त्याच्या चुलत्याचा दोस्त. “समझौता करवा देते, बाल-बच्चों का सोचो,” असा दबाव तिच्यावर इथं जितका येईल तितका कुठल्याच सरकारी घरात येणार नाही. २००५ च्या कायद्याच्या नियमांत सोळावा नियम आहे. बाईनं सांगितलं तर निवारागृहानं तिची ओळख उघड करायची नाही, ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याला ती तिथं आहे हे कळवायचं नाही. हा एकच नियम पाळायला आमच्या ट्रस्टला जड जाणार आहे. कारण इफ्तारचे फोटो. देणगीदार आला की त्याला आत फिरवायचं, ब्लँकेट वाटताना बायकांना ओळीत उभं करायचं आणि संध्याकाळपर्यंत तो फोटो चार व्हॉट्सअॅप ग्रुपवर. यतीमखान्यातल्या पोरांचे असे फोटो आपण वर्षानुवर्षं पाहत आलो आहोत, कुणाला त्यात काही वाटत नाही. बाईच्या बाबतीत तो फोटो म्हणजे नवऱ्याला पाठवलेला पत्ता आहे. हे थांबवायला बाहेरचा, ज्याला देणगीदाराची भीड नाही असा कुणीतरी लागतो. संरक्षण अधिकारी असतो तो असा, निदान असायला हवा.

सरकारकडूनही काही मागणं आहे. तपासणाऱ्यानं पैसेही वेळेवर द्यावेत. अनुदान वर्ष-वर्ष अडकतं, अशी तक्रार जवळजवळ प्रत्येक संस्थाचालक करतो. किराणावाल्याची उधारी वाढते, रात्रीची काळजीवाहक पगाराविना निघून जाते आणि मग तपासणीत शेरा येतो, ‘रात्रपाळीस कर्मचारी नाही’. आणि येणाऱ्यानं अधीक्षिकेला बाहेर बसवून प्रत्येकीशी एकटीनं बोलावं. उर्दू-दखनी समजणारी एखादी बाई सोबत आणावी. पंधरा मिनिटं लागतात. शिवाय आत असलेल्यांइतकंच, निघून गेलेल्यांनाही शोधून विचारावं. जी गेली तिला आता कुणाची भीती नसते, ती खरं सांगते.

एवढं लिहून घेतल्यावर आमच्या बैठकीत खरं भांडण झालं ते बायकांच्या जागांवरून. पिटा कायदा संरक्षणगृहांबद्दल सांगतो, की शक्य तिथं व्यवस्थापन स्त्रियांकडं द्यावं. आमचं घर त्या कायद्याखाली येत नाही, हे वकीलसाहेबांनी लगेच दाखवून दिलं. मी म्हटलं, कायद्याखाली नसेल, अकलेखाली तरी येतं की नाही? नऊ पुरुष बाईच्या रात्रीच्या त्रासाची नोंदवही वाचणार? बरीच खळखळ होऊन चार बायका घ्यायचं ठरलं. त्यातली एक मोहल्ल्याबाहेरची, मुसलमान नसलेली, निवृत्त परिचारिका. तिच्या नावाला सगळ्यात जास्त विरोध झाला आणि सगळ्यात आधी होकार तिचाच आला. तिनं पहिल्याच भेटीत घर पाहून सांगितलं, की वरच्या मजल्यावर संडास नाही, रात्री पोटुशी बाई जिना कशी उतरेल? आम्ही इतके दिवस कलमांवर बोलत होतो. तो संडास लिल्लाहच्या पैशातून बांधून झाला आहे.

अर्ज गेला आहे. पाहणी एकदा झाली, त्रुटी निघाल्या, त्यातल्या अर्ध्या रास्त होत्या. नियमावलीचा मसुदा एका वाक्यावर अडकला आहे. हाजीसाहेबांना रात्री दहानंतर बाहेरच्या फाटकाला कुलूप हवं आहे, चावी चौकीदाराकडं. त्यांची काळजी खोटी नाही, नवरे आणि भाऊ रात्रीच येतात. माझं म्हणणं, कुलूप असू दे, पण आतून, आणि एक चावी जिन्याजवळच्या खिळ्याला, जिथं प्रत्येकीचा हात पोचेल. मसुद्यात सध्या दोन्ही वाक्यं आहेत, एकाखाली एक. पुढची बैठक बकरी ईदनंतर.